घरात पक्षी आहे का? : पुण्यातल्या फॅमिली डॉक्टरांना खुले पत्र

पुण्यातल्या सर्व फॅमिली डॉक्टरांना,

सप्रेम नमस्कार.

मी कर्वेनगरला राहते. माणसांची डॉक्टर नाही, पक्ष्यांचीही नाही. शाळेत गणित शिकवते. गेल्या पावसाळ्यात माझे वडील मरता मरता वाचले, आणि ते एका प्रश्नामुळे वाचले. तो प्रश्न कुणी विचारला नव्हता तोवरचे दिवस मी पाहिले आणि विचारल्यानंतरचे दोन दिवसही पाहिले. त्या दोन्हींत जो फरक होता तो तुमच्यापर्यंत पोचावा म्हणून हे पत्र.

प्रश्न एवढाच : घरात पक्षी आहे का?

माझ्या लेकीच्या वाढदिवसाला आम्ही कॉकटेल पक्ष्यांची जोडी आणली. दुकानदाराने पुठ्ठ्याच्या खोक्याला भोकं पाडून त्यात बसवून दिली. पिवळ्या डोक्याचा, गालावर शेंदरी ठिपका असलेला चिकू आणि राखाडी रंगाची सोनी. सोनी पहिल्या दिवसापासून पिसं फुलवून, डोळे अर्धवट मिटून बसायची. आम्हाला वाटलं, नवी जागा आहे, बुजली असेल. तिची विष्ठा पातळ आणि हिरवीगार होती, तेही आम्ही मनावर घेतलं नाही. दहाव्या दिवशी सकाळी ती पिंजऱ्याच्या तळाशी मरून पडलेली दिसली. दुकानदाराला फोन केला. तो म्हणाला, पावसाळी हवा आहे, थंडी लागली असेल, दुसरी घेऊन जा.

बाबांचं वय ७१. घरातली सगळी साफसफाई स्वतः करायची ही त्यांची जन्माची सवय. त्यांनी सोनीला कुंडीत पुरलं आणि पिंजरा साफ करायला घेतला. तळाच्या ट्रेवर वाळलेली विष्ठा जुन्या उलथन्याने खरवडली, पिसं आणि राळ्याची टरफलं कुंच्याने झाडून काढली. हे सगळं हॉलमध्ये, दारं-खिडक्या लावून, कारण चिकू उडून जाईल. वर पंखा चालू. मी स्वयंपाकघरातून पाहत होते. उन्हाच्या तिरिपेत धूळ तरंगत होती. ते दृश्य अजून डोळ्यांसमोरून जात नाही.

नवव्या दिवशी बाबांना थंडी वाजून ताप आला. डोकं इतकं दुखायचं की त्यांनी कपाळाला पंचा घट्ट बांधून ठेवला होता. अंग मोडून आलं, कोरडा खोकला सुरू झाला. आमचे डॉक्टर गेली ३० वर्षं आमच्या घरचेच आहेत. पावसाळ्यात पुण्यात कुणीही जे करेल ते त्यांनी केलं. डेंग्यू तपासला, चिकुनगुनिया तपासला, रक्तातल्या पेशी मोजल्या. पांढऱ्या पेशी वाढलेल्या नव्हत्या, म्हणून व्हायरल असेल असं ठरलं. पाचव्या दिवशी अमॉक्सिसिलिन सुरू केलं. आठव्या दिवशी ऑक्सिजन ८८ वर आला आणि आम्ही बाबांना दवाखान्यात भरती केलं. एक्स-रेमध्ये उजव्या फुप्फुसाच्या खालच्या भागात पॅच. शिरेतून सेफ्ट्रिआक्सोन. ताप १०३, आणि एवढ्या तापात जी वाढायला हवी ती नाडी मात्र ८४.

दहाव्या दिवशी संध्याकाळी लेकीने आजोबांना व्हिडिओ कॉल केला. मागे चिकूने शीळ घातली. पलंगाशी उभी असलेली तरुण रेसिडेंट डॉक्टर त्या आवाजाने वळली. तिने विचारलं, "घरात पक्षी आहे का?" मग सलग विचारत गेली : कधी आणला, कुठून आणला, एखादा मेला का, पिंजरा कोण साफ करतं. पाच मिनिटांत सगळं बाहेर आलं. त्याच रात्री डॉक्सीसायक्लिन सुरू झालं. दुसऱ्या दिवशी ताप १०१ वर आला, तिसऱ्या दिवशी सकाळी बाबांनी चहा मागितला.

आमच्या डॉक्टरांचा मला राग नाही. त्यांनी डासांबद्दल विचारलं, पाण्याबद्दल विचारलं, प्रवासाबद्दल विचारलं. पक्ष्यांबद्दल विचारलं नाही आणि आम्ही सांगितलं नाही. ताप माणसाला होता, पक्षी बिचारा कोपऱ्यात शीळ घालत होता. दोन गोष्टींची सांगड घालायचं आमच्या डोक्यातच आलं नाही.

या आजाराचं नाव सिटॅकोसिस. 'पोपटाचा ताप' असंही म्हणतात. क्लॅमिडिया सिटासी नावाच्या जिवाणूमुळे होतो. तुम्ही तो पुस्तकात वाचलेला असणार, पण एखाद्या ओळीत, आणि बहुधा परीक्षेपुरता. मी गेल्या वर्षभरात जे वाचलं, समजून घेतलं, ते इथे मांडते. चुकलं असेल तर हक्काने दुरुस्त करा.

हा जिवाणू पक्ष्याच्या विष्ठेत, नाका-डोळ्यांच्या स्रावात आणि पिसांच्या धुळीत असतो. विष्ठा वाळली तरी तो मरत नाही, कित्येक आठवडे टिकून राहतो. ती धूळ उडाली की श्वासावाटे फुप्फुसात जातो. साधारण ५ ते १४ दिवसांत लक्षणं दिसतात. तो माणसाच्या पेशींच्या आत शिरून वाढतो, त्यामुळे अमॉक्सिसिलिन, सेफ्ट्रिआक्सोनसारखी औषधं त्याच्यावर चालत नाहीत. थुंकीच्या नेहमीच्या कल्चरमध्येही तो वाढत नाही, कारण त्याला जिवंत पेशी लागतात. म्हणजे रिपोर्ट 'काही नाही' असा येतो, पेशंट खालावत जातो आणि आपण त्याच जातीचं आणखी महाग अँटिबायोटिक चढवत बसतो. अँटिबायोटिक्स येण्यापूर्वी या आजारात शंभरातले १५ ते २० रुग्ण दगावत. वेळेवर डॉक्सीसायक्लिन मिळालं तर हे प्रमाण शंभरात एकाच्या आसपास येतं. गोळी स्वस्त आहे, लेप्टोसाठी, स्क्रब टायफससाठी तुम्ही ती रोज लिहिता. उणीव औषधाची नाही.

हा आजार नवाही नाही. १८७९ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या उस्टर गावी याकोब रिटर या डॉक्टरने आपल्या भावाच्या घरात सात जण आजारी पडल्याचं आणि त्यांतले तीन दगावल्याचं नोंदवलं. त्या घरात नुकतेच बाहेरून आणलेले पक्षी होते. १८९२ मध्ये पॅरिसला ब्युनोस आयर्सहून आलेल्या पोपटांबरोबर साथ आली. मग १९२९-३० ची जगभराची साथ. अमेरिकेत ॲनापोलिसच्या एका माणसाने नाताळची भेट म्हणून बायकोसाठी पोपट घेतला. पोपट नाताळच्या आधीच मेला आणि घरातली तीन माणसं अंथरुणाला खिळली. डॉक्टरला निदान होईना. त्याने घरी बायकोला सांगितलं, आणि तिने अर्जेंटिनातल्या पोपटांच्या आजाराबद्दल वर्तमानपत्रात वाचलेलं होतं. निदान असं झालं! त्या साथीचा शोध घेणाऱ्या वॉशिंग्टनच्या सरकारी प्रयोगशाळेत संशोधक चार्ल्स आर्मस्ट्राँग स्वतः आजारी पडले आणि त्यांचा सहायक मरण पावला. हे वाचताना मला सारखी ती रेसिडेंट डॉक्टर आठवत होती. ९५ वर्षांनंतरही निदान कुणाच्या तरी कानावर काहीतरी पडल्यामुळेच व्हावं?

आणि हे फक्त जुन्या काळातलं नाही. २०२४ च्या मार्चमध्ये जागतिक आरोग्य संघटनेने ऑस्ट्रिया, डेन्मार्क, जर्मनी, स्वीडन आणि नेदरलँड्समध्ये हे रुग्ण वाढल्याचं कळवलं. पाच मृत्यू झाले होते. त्या देशांत तपासणी होते म्हणून आकडा दिसतो. बाबांच्या डिस्चार्ज कार्डावर 'संभाव्य सिटॅकोसिस' एवढंच आहे, कारण त्यांची नेमकी चाचणी आम्हाला वेळेत करून मिळाली नाही. चिकूची मात्र झाली. पक्ष्यांच्या डॉक्टरांनी त्याच्या विष्ठेचा नमुना प्रयोगशाळेत पाठवला आणि त्यात हा जिवाणू सापडला. माणसाच्या आधी पक्ष्याचं निदान पक्कं झालं.

आता मुद्द्याची गोष्ट. प्रश्न कसा विचारायचा हेही महत्त्वाचं आहे, आणि इथे मी तुम्हाला थोडं सांगू शकते, कारण पक्षी पाळणाऱ्यांचं जग मी आतून पाहिलं आहे.

'पोपट आहे का?' असं विचारू नका. आमच्याकडे बजरीगरला 'लव्हबर्ड' म्हणतात आणि कोकाटिएलला 'कॉकटेल'. बाल्कनीत मडकी टांगून वीस-वीस बजरीगर ठेवणारा माणूस मनापासून सांगेल, "नाही हो डॉक्टर, पोपट नाही आमच्याकडे." आणि हे सगळे पोपटाच्याच कुळातले. कबुतरांतून, टर्की-बदकांतूनही हा आजार येतो. म्हणून शब्द 'पक्षी' असाच हवा.

दुसरं. आपला देशी मिठू, म्हणजे गळ्यात काळी-गुलाबी कंठी असलेला पोपट, किंवा मोठा पहाडी पोपट पिंजऱ्यात ठेवणं वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार गुन्हा आहे, आणि बऱ्याच लोकांना ते माहीत असतं. तरीही पेठांमधल्या वाड्यांत, वस्त्यांमध्ये, चाळींच्या गॅलऱ्यांत मिठू आहेतच. मकाव, आफ्रिकन ग्रे यांसारख्या परदेशी पक्ष्यांची फेब्रुवारी २०२४ च्या केंद्राच्या नियमांप्रमाणे 'परिवेश' पोर्टलवर नोंद करावी लागते. ज्यांनी ती केलेली नाही तेही बोलत नाहीत. देशी पोपट पिंजऱ्यात असू नये हे माझंही ठाम मत आहे. ज्याने मोकळ्या आभाळात थव्याने उडायचं त्याला दीड फुटाच्या चौकोनात बसवणं मला पाहवत नाही. पण तापाने फणफणलेल्या माणसासमोर तो वाद नको. त्याला आधी सांगा की हे तुझ्या औषधासाठी विचारतो आहे, केसपेपर चौकीत जात नाही. एवढं सांगितलं तरच खरं उत्तर मिळेल.

तिसरं, आणि हे मला सगळ्यात उशिरा कळलं. आमच्या घरी झाडू-फरशीला येणाऱ्या मावशी जनता वसाहतीत राहतात. पिंजऱ्याखालची जागा रोज त्याच झाडायच्या. बाबा दवाखान्यात असताना त्याही आठवडाभर खोकत होत्या, तापाने घरी होत्या. वस्तीतल्या मेडिकलमधून गोळ्या आणून घेतल्या, कामावर आल्या, पुन्हा झोपल्या. मी धावत जाऊन त्यांना डॉक्टरकडे नेलं तेव्हा तिथे विचारलं गेलं, "घरी पक्षी?" आणि मावशींनी खरंच सांगितलं, "नाही." त्यांच्या घरी नाहीच. तो माझ्या घरी आहे. मी बरोबर नसते तर त्या 'नाही'वर विषय संपला असता. म्हणून 'घरात किंवा कामाला जाता तिथे' असं विचारा. पक्ष्यांच्या दुकानात काम करणारी पोरं, पोल्ट्रीतले कामगार, पोपटाची चिठ्ठी काढून भविष्य सांगणारा माणूस, हे सगळे त्या दुसऱ्या अर्ध्या प्रश्नात येतात.

तुम्ही म्हणाल, दिवसाला साठ पेशंट, त्यात आणखी किती प्रश्न विचारायचे? मान्य आहे. पण जानेवारी २०२५ आठवा. सिंहगड रस्ता, किरकटवाडी, नांदेड गाव, धायरी. हातपाय लुळे पाडणाऱ्या गिया बारे सिंड्रोमचे रुग्ण एकामागून एक येत होते आणि रुग्णांच्या नमुन्यांत दूषित पाण्यातून पोटात जाणारा कॅम्पिलोबॅक्टर हा जिवाणू सापडला. तेव्हा शहरातला प्रत्येक डॉक्टर विचारायला लागला : पाणी कुठलं पिता? टँकरचं, विहिरीचं, की नळाचं? हा प्रश्न आपल्या शहराने काही आठवड्यांत अंगवळणी पाडला. कबुतरांच्या बाबतीतही, मुंबईतल्या कबुतरखान्यांचा वाद २०२५ मध्ये पेटल्यापासून, लोक आपणहून बोलायला लागले आहेत. घरातल्या पिंजऱ्याची पाळी मात्र अजून आलेली नाही. सगळ्यांना विचारायची गरजही नाही. ताप आणि कोरडा खोकला, डेंग्यू निगेटिव्ह, एक्स-रेमध्ये पॅच, नेहमीच्या अँटिबायोटिकला दाद नाही, असा रुग्ण समोर असेल त्यालाच विचारा.

आणि महिनोन्महिने दम लागतो म्हणून येणाऱ्यालाही विचारा. तो आजार वेगळा. त्यात जंतू नसतो. पिसांच्या आणि विष्ठेच्या प्रथिनांची फुप्फुसांना ॲलर्जी होते. कॉकटेल, काकाकुवा, आफ्रिकन ग्रे यांच्या पिसांतून पांढरी भुकटी झडते, काळ्या कपड्यावर बोट फिरवलं तर दिसते. वर्षानुवर्षं ती श्वासात गेली की फुप्फुसं कडक होत जातात आणि एकदा व्रण धरले की मागे येत नाहीत. अशा माणसाला दमा म्हणून पंप देत राहिलं आणि पिंजरा त्याच्या उशाशी राहिला तर उपयोग काय? त्याला पक्षी दुसऱ्या चांगल्या घरी द्यावाच लागतो. सिटॅकोसिसमध्ये तसं नाही, पक्ष्यावर उपचार होतात.

हे मी मुद्दाम लिहिते आहे, कारण दवाखान्यातून बाहेर पडताना आम्हाला पहिला सल्ला मिळाला तो "पक्षी सोडून द्या" असा. कृपा करून असं कुणाला सांगू नका. पिंजऱ्यात जन्मलेला कॉकटेल पुण्याच्या आभाळात एक दिवस काढणार नाही, घारी आणि कावळे त्याला फाडतील. तो आजारी असेल तर आपला जंतू रानपाखरांत सोडेल, ते वेगळंच. त्याऐवजी पक्ष्यांवर उपचार करणाऱ्या पशुवैद्याकडे पाठवा. चिकूला ४५ दिवस डॉक्सीसायक्लिन दिलं. तेवढे दिवस पिंजऱ्यातला समुद्रफेस काढून ठेवला, कारण त्यातल्या चुन्याने औषध नीट शोषलं जात नाही. मध्येच तो चांगला टवटवीत दिसायला लागला, तरी औषध थांबवलं नाही. काही दुकानांत पाण्यात चार दिवस अँटिबायोटिकची पावडर टाकतात. त्याने लक्षणं दबतात, जंतू राहतो, आणि प्रवासाचा, गर्दीचा ताण आला की निरोगी दिसणारा पक्षीही तो विष्ठेतून टाकू लागतो.

पक्ष्यांच्या बाकीच्या आजारांची भीती घालू नका, हीही विनंती. चोच-पिसांचा आजार पोपटांना भयंकर होतो, पिसं झडून पक्षी मरतो, पण तो विषाणू माणसाला होत नाही. पॅचेको, पॉलिओमा हे विषाणूजन्य आजारही त्यांच्यापुरतेच. साल्मोनेला, कॅम्पिलोबॅक्टर हे जिवाणू मात्र माणसात येऊ शकतात, म्हणून हात धुणं आलंच. लाडाने ओठांत दाणा धरून पोपटाला भरवणं मी कितीतरी घरांत पाहिलं आहे. ते थांबवायला सांगा. मी सांगितलं तर लोक हसतात, तुम्ही सांगितलंत तर ऐकतील. पिंजरा कोरडा झाडू नये, पंखा बंद करून आधी पाणी शिंपडून विष्ठा ओली करावी, तळाला कागद घालून तो रोज गुंडाळून टाकावा, तोंडाला एन-९५ मास्क लावावा, पिंजरा स्वयंपाकघरात आणि झोपायच्या खोलीत ठेवू नये, गर्भवती आणि म्हाताऱ्या माणसांना हे काम देऊ नये. नवा पक्षी आणला तर महिना-दीड महिना वेगळ्या खोलीत. मेलेला पक्षी कुंडीत पुरण्याऐवजी पिशवीत बांधून पशुवैद्याला दाखवावा. बाबांना हे कुणी सांगितलं असतं तर त्यांनी काटेकोर पाळलं असतं, तसेच आहेत ते.

दुकानांबद्दलही बोलायला हवं. पेट शॉपसाठी केंद्राचे २०१८ चे नियम आहेत, त्यांत नोंदणी आहे, पशुवैद्याकडून तपासणी आहे, विक्रीच्या नोंदी आहेत. मला पावती मिळाली नव्हती. त्यासाठी वेगळं पत्र पशुसंवर्धन खात्याला लिहिलं आहे, त्यात तुम्हाला ओढत नाही. पण एखादा रुग्ण असा सापडला तर महापालिकेच्या आरोग्य विभागाला जरूर कळवा. त्या दुकानातून त्याच आठवड्यात आणखी किती खोकी गेली, हे तिथूनच शोधता येईल.

टिळक रोडवर इंडियन मेडिकल असोसिएशनच्या (आयएमए) सभागृहात तुमची व्याख्यानं होतात. त्यांतल्या एखाद्या संध्याकाळचा अर्धा तास पक्ष्यांवर उपचार करणाऱ्या पशुवैद्याला द्या. शिरवळचं पशुवैद्यकीय महाविद्यालय आपल्यापासून तासाभराच्या अंतरावर आहे, औंधला पशुसंवर्धन आयुक्तालय आहे, बोलवायला माणसं दूर शोधावी लागणार नाहीत. चिकूच्या डॉक्टरांना मी विचारलं आहे, ते यायला तयार आहेत. ते म्हणाले, "माझ्याकडे आजारी पक्षी घेऊन येणारा मालक खोकत असेल तर मी त्याला डॉक्टरकडे जा म्हणतो. पुढे काय होतं ते मला कधीच कळत नाही."

आणि दवाखान्यातल्या केसपेपरवर, जिथे 'ॲलर्जी', 'बीपी', 'शुगर' छापलेलं असतं, त्याच्या शेजारी एक शब्द वाढवा : पक्षी. पुढच्या छपाईत नक्की होईल. तोवर शिक्का करून घेता येईल. आमच्या डॉक्टरांनी मी मागे लागल्यावर तसा शिक्का करून घेतला आहे. परवा बाबांना तपासायला नेलं तेव्हा कंपाउंडरने त्यांच्या कागदावर तो उमटवला आणि विचारलं, "काका, घरात किंवा आसपास पक्षी?" बाबा म्हणाले, "आहे. एक. कॉकटेल. औषध पूर्ण झालंय त्याचं."

आपली,
कर्वेनगरमधली एक शिक्षिका